हुबेहूब

"हे ते घर नाही," केतकी मॅडम दारातच थांबून म्हणाल्या.

"हेच की ओ मॅडम. काल इथंच चहा घेतलासा न्हवं?"

"काल इथे सोफा नव्हता."

"आज आलाय."

"टीव्ही नव्हता, तो फॅन नव्हता. आणि त्या भिंतीवर ओलीचा एवढा मोठा डाग होता, तो कुठे गेला?"

डाग कुठं जाणार? होता तिथंच होता. आईनं त्याच्यावर पतसंस्थेचं कॅलेंडर टांगलं होतं, आणि ते कमी पडलं म्हणून शेजारी आणखी एक. दोन्हींवर महिने वेगवेगळे होते. पण हे मॅडमना सांगून उपयोग नव्हता. आम्ही त्यांची काहीतरी वस्तू चोरल्यासारख्या त्या बघत होत्या.

मी तेव्हा इचलकरंजीत लग्नाचं व्हिडिओ शूटिंग करायचो. लग्नाच्या शूटिंगमध्ये गरीब माणूस नसतो, हे या धंद्यात मी पहिलं शिकलो. नवरीच्या बापाचा सदरा विटका असेल तर कॅमेरा गळ्याच्या वर धरायचा. मांडव निम्मा रिकामा असेल तर भरलेल्या बाजूलाच फिरायचं. आणि जेवणाऱ्या माणसावरून कॅमेरा काढायचा नाही, बंद तर करायचाच नाही, कारण पंगतीत जो दिसला नाही तो पाहुणा वर्षभर रुसून बसतो. एवढ्यावर माझं दुकान चाललं होतं.

मॅडम मुंबईहून आल्या होत्या, यंत्रमागावरच्या कामगारांच्या रोजच्या गरिबीवर डॉक्युमेंटरी काढायला. बरोबर आलोक नावाचा कॅमेरामन, तो सहसा बोलायचा नाही. मॅडम मनानं चांगल्या, जमिनीवर बसायच्या, कुणाच्याही घरचं पाणी प्यायच्या. नियम मात्र एकच आणि तो कडक. "आपण काहीही बदलायचं नाही. जे आहे, जसं आहे, तसं." घरं दाखवायचं काम माझ्याकडे होतं. पण आमच्या गावाला आदल्या दिवशीच वास लागायचा. ज्या घरी जावं तिथं भिंतीला ताजा चुना, पोरं न्हाऊन पावडर लावून रांगेत बसलेली. एका घरी तर दारात रांगोळीनं 'सुस्वागतम' काढलेलं आणि घरमालक भाड्याच्या सुटात. मॅडम बघायच्या, नमस्कार करायच्या आणि बाहेर येऊन म्हणायच्या, "जयसिंग, मला आहे तसं पाहिजे हो." की आम्ही पुढच्या घरी.

असा आठवडा गेला. शनिवारी संध्याकाळी त्या पार दमल्या, तेव्हा मी म्हणालो, चला आमच्यात, चहा घ्या. त्या आल्या, चटईवर बसल्या. भिंत बघितली, स्टो बघितला, डांबर लावून भोक बुजवलेली आमची बादली बघितली, आणि त्यांचे डोळे लकाकले.

"जयसिंग, हे घर कुणाचं?"

"माझंच की."

"अगदी परफेक्ट आहे."

मला बरं वाटलं. पाहुणा घराला चांगलं म्हणतोच, म्हणून मी आपला लाजून हसलो. मग त्या म्हणाल्या, "उद्या इथेच शूट करू," आणि माझ्या डोक्यात उजेड पडला. असा राग आला म्हणून सांगू. आठवडाभर मी या बाईला गरीब दाखवत हिंडत होतो, आणि गरीब म्हणजे गल्लीच्या पलीकडचे, हे माझ्या मनात पक्कं होतं. माझ्याकडे लुना होती. दुकानावर पाटी होती. बाप मागावर राबून मेला हे खरं, पण आम्ही कुणाच्या दारात कधी हात पसरला नव्हता.

मी नाहीच म्हणणार होतो. पण त्या म्हणाल्या, दुसरा कॅमेरा तू चालव, टायटलमध्ये तुझं नाव देते. लग्नाच्या कॅसेटवर नाव असतं ते दुकानाचं. माणसाचं नाव पिच्चरमध्ये येणं वेगळं. मी विचारलं, किती वाजेपर्यंत? त्या म्हणाल्या, दुपारी बारापर्यंत संपवू. मग मी हो म्हणालो, कारण चार वाजता आमच्याकडे पाहुणे यायचे होते.

ते पाहुणे म्हणजे माझ्या बहिणीला, उज्ज्वलाला, बघायला येणारी रेंदाळची माणसं. नुसतं मुलीला नव्हे, घरही बघायला. आमच्याकडे तशी रीत आहे, मुलगी पसंत असली तरी एकदा घर नजरेखालून घालायचं. उजा सव्वीस वर्षांची. घरात बसून मागासाठी कांड्या भरायची, म्हणजे धोट्यात बसते त्या छोट्या नळीवर सूत गुंडाळायची. दिसायला बरी, बोलायला तिखट, कामाला वाघीण. मुलगी पसंत पडून घरावर मोडलेली दोन स्थळं झाली होती. दुसऱ्या स्थळाचा बाप तर उंबऱ्यातूनच परत फिरला होता, चपलासुद्धा काढल्या नव्हत्या त्यानं. त्या दिवशी आई ओट्यापाशी बसून रडली. तिसऱ्या वेळी असं होऊ द्यायचं नाही, हे तिनं मनाशी धरलं होतं.

म्हणून तिनं पहाटेपासून गल्ली गोळा केली होती. सोफा समोरच्या रेखी गुरुजींचा. टीव्ही कोपऱ्यावरच्या शिलाईवाल्याचा. फॅन कुणाचा ते मला अजून माहीत नाही. टीव्हीवर एक चकचकीत ढाल ठेवली होती, तिच्यावर लिहिलं होतं, 'व्हॉलीबॉल स्पर्धा, उपविजेता'. आमच्या घरात व्हॉलीबॉल कुणी हातातसुद्धा घेतला नव्हता. आणि जे आमचं होतं, बादली, चटई, चेपलेलं पातेलं, तो स्टो, ते सगळं गुरुजींच्या घरी नेऊन ठेवलं होतं. त्यांचा सोफा आमच्यात, आमची बादली त्यांच्यात.

"ताई," मॅडम आईला म्हणाल्या, "हे सगळं तुमचं नाही ना?"

"आमचंच हाय," आई म्हणाली. तिनं जरीकाठाचं लुगडं नेसलं होतं.

"पण काल..."

"काल आवरायला काढलं हुतं."

मॅडमनी माझ्याकडे बघितलं. मी कॅलेंडरांकडे बघितलं. आलोक बाहेर जाऊन बिडी ओढायला लागला. मग मॅडमनी बसून विचार केला. त्यांचा विचार करायचा चेहरा मला आता आठवला तरी दया येते. काही बदलायचं नाही हा नियम. सोफा काढला तर बदल होतो. नाही काढला तर खोटं होतं.

शेवटी त्या म्हणाल्या, "हे तुम्ही आणलंत, म्हणजे बदल तुम्ही केलाय. तो काढला की आपण बदलत नाही, आपण आहे तसं करतो."

"आहे तसं करायला पाहुणं यायच्या आत परत आहे तसं करावं लागंल," मी म्हणालो.

"करू."

आईला समजावायला मला घाम फुटला. शूटिंग मागवाल्यांच्या घराचं आहे एवढंच मी तिला सांगितलं होतं. आता सांगावं लागलं की गरिबाचं घर पाहिजे.

"मग गरिबाच्यात जावा की," आई म्हणाली.

"आई, बारापर्यंत. पिच्चरमध्ये माझं नाव येणार हाय."

तिनं लुगड्याचा काठ सारखा केला. मग म्हणाली, "कोण बघतंय हे पिच्चर?"

"मुंबईत बघत्यात. इथलं कोण न्हाई."

"मग उचला."

सोफा गल्लीत आला. टीव्ही, फॅन, ढाल सगळं गल्लीत आलं. गुरुजी आपल्याच सोफ्यावर आमच्या दारासमोर पेपर वाचत बसले. दोन्ही कॅलेंडरं निघाली आणि डाग वर आला. मॅडमना तेवढ्यानं समाधान नव्हतं. "काल इथे एक बादली होती." बादली गुरुजींच्या घरून आणली. "आणि चटई." चटई आणली. "पातेलं." पातेल्यात गुरुजींच्या सूनबाईनं तोवर दूध तापवायला ठेवलेलं, ते ओतून पातेलं आणलं. आपल्याच वस्तू अशा एकेक करून घरात येताना बघून उजा दाराला टेकून हसत होती. आई तिला म्हणाली, दात काढू नकोस, लुगडं बदलते मी.

"ताई, तुम्ही रोज जे खाता तेच करा," मॅडम म्हणाल्या.

"रोज शिराच करतो आमी."

शिरा पाहुण्यांसाठी केला होता, बेदाणे घालून. तो झाकून माळ्यावर ठेवायला लावला. शेवटी आईनं स्टो पेटवला, जोंधळ्याच्या भाकरीचं पीठ मळलं, उजानं मिरचीचा खर्डा वाटला. आईच्या अंगावर खांद्याला शिवलेलं पातळ, कोपरापर्यंत पीठ. आलोकनं मोठा कॅमेरा लावला, मी छोटा घेतला. मॅडम कोपऱ्यात उकिडव्या बसल्या, श्वास रोखून. खरं सांगतो, मला पहिल्यांदा कळलं की ही बाई काय शोधत होती. माझी आई भाकरी थापत होती आणि मी ते रोज बघूनही कधी बघितलेलं नव्हतं.

तेवढ्यात गल्लीत जीप थांबली.

"आलं वाटतं कोण तरी," गुरुजींचा आवाज आला. मग त्यांचाच आवाज, जरा वरच्या पट्टीत, "या या, रेंदाळचं पावणं न्हवं?"

अकरासुद्धा वाजले नव्हते. आईच्या हातातली भाकरी तव्यावर तिरपी पडली. उजाचं हसणं थांबलं. माझा कॅमेरा चालूच आणि मी नुसता उभा.

दारात परसूअण्णा उभे राहिले. मुलाचे वडील. डोक्याला केशरी फेटा, अंगात जाड कोट, त्याच्या बाह्या बोटांपर्यंत आलेल्या. मागे मुलगा बळवंत, काळे कुळकुळीत बूट घालून, काट्यावर चालल्यासारखा पाय टाकत.

"लवकर आलो, माफ करा," अण्णा म्हणाले. "गाडी दुपारी दुसरीकडं जायची हाय. म्हटलं, सकाळीच उरकू."

त्यांनी डाग बघितला, चटई बघितली, माझ्या आईच्या खांद्यावरचं ठिगळ बघितलं. मला वाटलं, झालं. आता हा माणूस वळणार, चपला काढायच्या आधीच. आईनं तर डोळे मिटून घेतले होते.

अण्णांनी मागं वळून गल्लीत बघितलं. सोफा, टीव्ही, फॅन, ढाल. मग आत आलोककडे, त्याच्या कॅमेऱ्याकडे, तिपाईकडे, कोपऱ्यातल्या मॅडमकडे.

"शूटिंग चाललंय व्हय," ते म्हणाले. त्यांच्या तोंडावर हळूहळू हसू पसरलं. "म्हणून सामान भाईर काढलंय. मी म्हटलं, हे काय झालं. बळवंता, अरे शूटिंग चाललंय ह्यांच्यात."

आईनं डोळे उघडले. माझी आई शाळेत दोन इयत्ता शिकलेली, पण त्या क्षणी तिचं डोकं जे चाललं ते मॅडमचंही चाललं नसतं.

"व्हय ओ अण्णा," ती उठत म्हणाली. "ह्या मॅडम मुंबईच्या. गरिबाचं घर पायजे म्हणाल्या. आता आमच्यात तसलं काय असणार? सगळं शोधून आणावं लागलं. ही बादली बघा, डांबर लावल्याली, कुठं कुठं हिंडून मिळाली."

"आरारा," अण्णांनी बादली उचलून बघितली. "बरी गावली. आनि ही भिंत?"

"रंग मारला."

अण्णांनी डागावरून बोट फिरवलं. बोटाला चुना लागला, ओलसर. त्यांनी बोट नाकाशी नेलं.

"वाससुद्धा आणलाय," ते म्हणाले. "हुबेहूब."

"एक मिनिट," मॅडम उभ्या राहिल्या. "काहीतरी गैरसमज होतोय, हा सेट नाही, हे..."

मी त्यांना दंडाला धरून न्हाणीकडे नेलं. बाईमाणसाच्या अंगाला हात लावायची माझी रीत नाही, पण वेळच तशी होती.

"मॅडम, ही माणसं माझ्या बहिणीला बघायला आलीत. दोन स्थळं ह्या भिंतीमुळं मोडली. तिसरं तुमच्या तोंडात हाय."

"म्हणजे मी खोटं बोलू? जयसिंग, मी या कामात कधी खोटं..."

"बोलू नका काय. नुसतं ॲक्शन म्हणा. मुंबईचं पिच्चरवालं म्हणत्यात तसं."

त्यांनी आधी माझ्याकडे बघितलं. मग आतल्या खोलीकडे, जिथं उजा पदराला हात पुसत उभी होती. काय त्यांच्या मनात आलं देव जाणे. बाहेर आल्या आणि कुणाकडेही न बघता, बारीक आवाजात म्हणाल्या, "ॲक्शन."

आलोकनं इतक्या दिवसांत पहिल्यांदा तोंड उघडलं. "काय?" तो म्हणाला.

आई भाकरी थापायला बसली. आता ती गरीब बाईचं काम करत होती, त्यामुळं जास्तच सुस्कारे टाकत होती. मधेच कपाळावर हात मारून घेत होती, जे तिनं जन्मात केलं नव्हतं. अण्णा चटईवर बसून मान हलवत होते. "काय काम करत्यात," बळवंतला म्हणाले, "वाटतंय तरी का, की चांगल्या घरची बाई हाय?" बळवंतनं एव्हाना हळूच बूट काढून पाय पसरले होते. टाचेला फोड आलेला. उजा कांड्या भरायला बसली तेव्हा तो तिच्याकडे सरकून म्हणाला, "तुमी पण काम करतासा ह्यात?"

"मी कांड्या भरते."

"खरोखरच्या?"

"सूत तर खरं हाय," उजा म्हणाली. तो हसला, आणि मला वाटतं उजाही.

थोड्या वेळानं अण्णांना राहवेना. ते मॅडमना म्हणाले, "बाई, आमाला बी घ्या की एका शीनमध्ये. मी जत्रंच्या नाटकात काम केल्यालं हाय."

मॅडमनी माझ्याकडे बघितलं. मी हात जोडले. "बसा," त्या म्हणाल्या. "कामावरून आलाय, भूक लागलीय. जेवा."

अण्णांनी कोट काढला, घडी घालून जपून बाजूला ठेवला. फेटा काढला. आतला सदरा कोपराला विरलेला होता, पण तो कामासाठी बराच झाला असं ते स्वतःच म्हणाले. उजानं ताटलीत भाकरी आणि खर्डा वाढला, कांदा फोडून दिला. ॲक्शन झालं. अण्णांनी नाटकातल्यासारखं वर बघून "अरे देवा" म्हटलं, सुस्कारा टाकला, खाल्लं. दोन घासांनंतर मॅडम म्हणाल्या, "कट. छान." आलोकनं मोठा कॅमेरा बंद केला.

माझा चालूच होता. सवय. माणूस जेवतोय तोवर मी कॅमेरा बंद करत नाही.

मग घर परत आहे तसं करायची घाई सुरू झाली. मॅडमना त्यांच्या गाडीत बसवलं, शिरा माळ्यावरून उतरला, पण सोफा आत न्यायला वेळच मिळाला नाही. पाहुण्यांनी गल्लीतच सोफ्यावर बसून शिरा खाल्ला. फॅन कशाला जोडलेला नव्हता, पण त्यांच्या तोंडासमोर होता. अण्णा म्हणाले, घर बघितलं, माणसं बघितली, आमाला मुलगी पसंत. ज्यांच्यात मुंबईची शूटिंगं व्हत्यात त्यांच्याविषयी काय बोलायचं? आणि जीपचा ड्रायव्हर हॉर्न वाजवत होता म्हणून लगबगीनं निघून गेले.

संध्याकाळी सोफा गुरुजींच्या घरी पोचवून आम्ही तिघं चटईवर बसलो. आई आनंदानं फुलून आली होती. "रंग मारला म्हटलं, तर वास घेतला त्यांनी," ती पुन्हा पुन्हा सांगत होती. मी हसून हसून लोळत होतो. उजा मात्र हसत नव्हती.

"आई," ती म्हणाली, "त्यांनी ताटली कशी पुसली बघितलंस?"

"कुणी?"

"अण्णांनी. कट म्हटल्यावर. त्या बाई उठल्या, समदी उठली. अण्णा बसूनच हुतं. सगळी भाकरी संपवली. मग मांडीवर पडल्यालं कण वेचलं, एकेक, तळहातावर घेतलं नि तोंडात टाकलं. ताटलीत पाणी घातलं, खर्ड्याचं राहिल्यालं त्यात कालवलं नि पिऊन टाकलं. तवा कोण बघत न्हवतं त्यांना. मीच बघत हुते."

आईचं तोंड उतरत गेलं. मलाही एकेक आठवायला लागलं. कोटाच्या बाह्या. टाचेचा फोड. दुपारी दुसरीकडं जायची गाडी.

"म्हंजे गरीबच हायत की ती," आई म्हणाली. "फसवलं आपल्याला. न्हाई, असल्या घरात मी पोरगी द्यायची न्हाई."

"मग आपण कोण?" उजानं विचारलं.

"आपण कुठं गरीब? आपल्यात शूटिंग झालं."

तिनं हे चेष्टेनं म्हटलं नव्हतं. तिच्या डोळ्यांत पाणी होतं. तेवढ्या दिवसापुरती ती खरोखर श्रीमंत झाली होती आणि ते तिच्याकडून कुणीतरी काढून घेत होतं.

उजा उठली, बादली उचलून दाराशी ठेवली, उद्याच्या पाण्यासाठी.

"मी तिथंच जाणार," ती म्हणाली. "सोफा आणायचा नि परत द्यायचा ह्याला लई कंटाळलेय मी. त्या घरात मला हे करावं लागणार न्हाई. त्यांस्नी बी माझ्याम्होरं करावं लागणार न्हाई. तेवढं त्यांस्नी कुणीतरी सांगाय पायजे, आनि ते मी लग्न झाल्यावर सांगीन."

लग्न झालं. शूटिंग मीच केलं, कॅमेरा गळ्याच्या वर धरून. पहिल्या माहेरपणाला आली तेव्हा उजा म्हणाली, "तिथली बादली आपल्यापेक्षा मोठी हाय. डांबर तसलंच." आई रुसून आत गेली. व्याह्यांशी ती तोंडदेखलं बोलायची, पण नजर द्यायची नाही. आपल्याला फसवलं, एवढंच तिच्या मनात राहिलं होतं.

पुढं मॅडमचा फोन आला. पिच्चर तयार होतं. आमचं घर त्यांना वापरता आलं नाही. "ज्यांना ज्यांना दाखवलं ते सगळे म्हणतात, सेट वाटतो, बाई अभिनय करतेय," त्या म्हणाल्या. "एकच शॉट ठेवलाय. तुझ्या कॅमेऱ्यातला." कोणता, ते मला विचारावं लागलं नाही. तो घ्यावा की न घ्यावा हे मला विचारलं असतं तर काय सांगितलं असतं, ते मला आजही माहीत नाही.

आमच्याच गावात वाचनालयाच्या हॉलमध्ये त्यांनी ते पिच्चर दाखवायचं ठरवलं. मुंबईतच बघत्यात म्हणून मी आईला सांगितलेलं, तेही खोटं ठरलं. परसूअण्णांनी सगळ्या रेंदाळला सांगितलं होतं की पिच्चरमध्ये आपलं काम आहे. टेम्पो भरून माणसं आली. अण्णा पहिल्या रांगेत, स्वतःच्या मापाच्या नव्या सदऱ्यात. शेजारी आई, मग उजा, तिच्या मांडीवर पोरगं, मग बळवंत.

मागांचा आवाज, गल्ल्या, माणसं, आणि मग पडद्यावर अण्णा. वर बघून म्हटलेलं "अरे देवा" नव्हतं. सुस्कारा नव्हता. नुसते अण्णा, विरलेल्या सदऱ्यात, मांडीवरचे कण वेचताना. एकेक. तळहातावरून तोंडात. मग ताटलीत पाणी. मग ते पाणी पिणं, शेवटच्या थेंबापर्यंत. हॉलमध्ये पंखे होते तेवढेच वाजत होते.

दिवे लागले. रेंदाळची माणसं खाली बघत होती. अण्णांचा हात सदऱ्याच्या वरच्या गुंडीवर होता आणि तिथंच राहिला होता. "हे कवा काढलं," ते कुणालाच न विचारता म्हणाले. "हे मला म्हाईतच न्हाई."

उजानं माझ्याकडे बघितलं.

आणि आई उठली. ज्या व्याह्याला तिनं दोन वर्षं नजर दिली नव्हती त्याच्याकडे वळली, आणि सगळ्या हॉलला ऐकू जाईल अशा आवाजात म्हणाली, "काय काम केलंसा अण्णा. हुबेहूब."

मागून कुणीतरी टाळी वाजवली. मग सगळ्या रेंदाळनं वाजवली. कुणी शिट्टी मारली. बळवंतनं डोळे पुसले. अण्णा आईकडे बघत राहिले, टाळ्या थांबेपर्यंत.

"तुमच्याम्होरं काय ओ ताई," ते हळूच म्हणाले. "तुमची ती बादली. तिची सर कशाला यायची न्हाई."

आईनं पदर तोंडाला लावला. हसली की रडली, मला मागून दिसलं नाही. मग तिनं उजाकडून पोरगं मागून घेतलं आणि अण्णांच्या मांडीवर ठेवलं, आणि म्हणाली, "धरा जरा, चहा कुठं देत्यात बघून येते."